खोडलेलं केंद्र

मला त्या गोष्टीचा अजून राग येतो. वय झालं की माणूस निवतो म्हणतात, मी काही निवलो नाही. वर्तुळाचं समीकरण कुठे नजरेला पडलं, अगदी नातवाच्या पुस्तकात का असेना, की माझी कानशिलं तापतात. घरातले एकमेकांकडे बघतात, यांना अचानक झालं काय म्हणून. काय झालं ते एकदा लिहूनच टाकतो.

दुसऱ्या महायुद्धाच्या लढाईचे दिवस होते. मी बेळगावात कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला होतो. आमचं गाव बोरगावच्या बाजूला, घरी तंबाखूचं वावर, आणि आमच्या घराण्यात मॅट्रिकच्या पुढं पाऊल टाकलेला मी पहिलाच. मला इंजिनिअर व्हायचं होतं. इंजिनिअर म्हणजे नेमकं काय हे गावात कुणालाच ठाऊक नव्हतं. पूल बांधतो तो साहेब, एवढंच. पण तेवढं पुरेसं होतं. पावसाळ्यात नदी फुगली की आमच्या गावाचा पलीकडल्या काठाशी आठ-आठ दिवस संबंध तुटायचा. माझे वडील, त्यांना आम्ही आप्पा म्हणायचो, चावडीवर खुशाल सांगत सुटले होते, की पोरगा शिकून आला की पूल झालाच म्हणून समजा. मी त्यांना कितीदा सांगितलं, की असं कुणी आपल्या मनानं पूल बांधत नसतं, सरकार बांधतं. ते म्हणायचे, "सरकारात तूच असणार न्हवं मग?"

इंजिनिअरिंगला जायचं तर प्रवेश परीक्षा होती. पास झालं तर जागा. नापास झालं तर पुढच्या साली पुन्हा बसायची मुभा. आणि पेपरात लबाडी करताना सापडलं तर दार कायमचं बंद. हे शेवटचं कलम फॉर्मच्या तळाला बारीक अक्षरांत छापलेलं होतं. आम्ही ते वाचलंसुद्धा नव्हतं. लबाडी करायचीच नाही तर वाचायचं कशाला?

परीक्षेत सगळ्यात जड विषय कोऑर्डिनेट भूमिती, आणि त्यातही वर्तुळं. चौकटीच्या कागदावर एक आडवी रेघ, एक उभी रेघ मारायची. त्या दोन रेघा जिथे मिळतात तो आरंभबिंदू. मग कागदावरच्या कुठल्याही वर्तुळाचं एक समीकरण लिहिता येतं, आणि उलट, नुसतं समीकरण हातात दिलं तर त्यावरून वर्तुळाचं केंद्र कुठे आणि त्रिज्या किती हे चित्र न काढता सांगता येतं. मला ही गोष्ट पहिल्यांदा कळली तेव्हा मी दोन दिवस खुळ्यासारखा फिरत होतो. विहीर, जातं, बैलगाडीचं चाक, जे दिसेल त्याला मनातल्या मनात रेघा मारत होतो.

पण पुस्तकं कुठे मिळत होती! लढाईमुळं कागदाचा दुष्काळ. इंग्रजी पुस्तकं विलायतेहून यायची बंद. कॉलेजच्या लायब्ररीत एक जुनं पुस्तक होतं, तेही तिथेच बसून वाचायचं, आणि त्यावर नेहमी कुणीतरी आधीच बसलेलं असायचं. अशा वेळी बेळगावातल्या आमच्यासारख्या पोरांना एकच आसरा होता. मास्तरांची वही.

मास्तर खडेबाजाराच्या मागल्या गल्लीत राहत. शाळेतून निवृत्त झालेले, गावातलं जुनं घराणं, काळी टोपी, बंद गळ्याचा कोट, आवाज असा की गल्लीच्या तोंडाला ऐकू यावा. ते परीक्षेला बसणाऱ्या मुलांना घरी शिकवत आणि कुणाकडून काही घेत नसत. हे मी त्यांच्या बाजूनं आधीच लिहून ठेवतो, कारण पुढे मी त्यांच्या बाजूनं फारसं काही लिहिणार नाही. त्यांची एक अट होती. त्यांच्याकडे कोऑर्डिनेटची एक हस्तलिखित वही होती. ती प्रत्येकानं आपल्या हातानं पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत उतरून घ्यायची. एक ओळ गाळायची नाही, एक ओळ घालायची नाही. उतरून झाली की मूळ वहीच्या शेवटच्या पानावर आपलं नाव नि गाव लिहायचं, नारळ ठेवायचा आणि पाया पडायचं. मग मास्तर म्हणत, "आता तू वहीतला झालास." त्या शेवटच्या पानांवर किती जणांची नावं होती! कुणी ओव्हरसियर झालेला, कुणी रेल्वेत लागलेला. वहीतला मुलगा म्हणजे बेळगावात प्रतिष्ठेची गोष्ट होती.

मला कोरी वही मिळाली नाही. आमच्या गावच्या एका माणसानं निपाणीच्या वखारीतून जाड पिवळा कागद आणून दिला, तो मी दाभणानं शिवला आणि त्यावर टाकानं लिहिलं. वही उघडली की तंबाखूचा वास यायचा आणि मास्तर नाक मुरडायचे. वर्तुळं काढायला चौघांत मिळून एकच कंपास. चौघं म्हणजे मी आणि माझे तीन सोबती. आम्ही खडेबाजारात कापडाच्या एका दुकानावरची खोली घेऊन राहत होतो, एका चुलीवर शिजवत होतो, आणि घरून आलेला मिरचीचा खर्डा बोटानं मोजून वाटून घेत होतो. ते तिघं माझ्या भावासारखे होते असं मी तेव्हा म्हटलं असतं.

मास्तर शिकवत कसे, तर पाढ्यासारखं. केंद्र काढायचा नियम आम्ही सगळे एका सुरात म्हणायचो: "एक्सचं निम्मं, वायचं निम्मं, चिन्ह फिरव, केंद्र मिळव." म्हणजे समीकरणात एक्सच्या मागं जो आकडा असेल तो निम्मा करायचा, वायच्या मागचा निम्मा करायचा, अधिक असेल तर उणे आणि उणे असेल तर अधिक करायचं, झालं केंद्र. सोपं, सुटसुटीत. झोपेत विचारलं तरी सांगता यावं. आणि वहीतलं प्रत्येक उदाहरण या नियमानं बिनचूक सुटत होतं.

एके दिवशी लायब्ररीतलं ते पुस्तक चुकून मोकळं सापडलं. मी वर्तुळांचं प्रकरण उघडलं, तर पहिल्याच पानावर एक अट. एक्स-वर्ग आणि वाय-वर्ग यांच्या मागं एक सोडून दुसरा आकडा असेल, तर आधी त्या आकड्यानं सगळ्या समीकरणाला भागा, आणि मगच निम्मं करा. मी थबकलो. आमच्या वहीत ही ओळ नव्हती. वहीतल्या सगळ्या उदाहरणांत एक्स-वर्ग एकटाच होता, त्यामुळं भागायचा प्रसंगच येत नव्हता. पण आला तर? दोन माणसांचा भात एका पातेल्यात असेल तर एकाचा किती, हे आधी दोन वाटे केल्याशिवाय कसं कळणार? गोष्ट इतकी साधी होती. मी एक उदाहरण करून बघितलं, आलेख काढला, चौकटी मोजल्या. पुस्तक बरोबर होतं आणि वही अपुरी होती.

दुसऱ्या दिवशी मी मास्तरांच्या ओसरीवर उठून उभा राहिलो. खेड्यातला होतो, कसं बोलावं ते कळत नव्हतं. म्हटलं, "मास्तर, एक्स-वर्गाच्या मागं दोन असला तर आदी भागाय नको का?"

"वहीत आहे का तसं?"

"न्हाय. लायब्रीतल्या बुकात हाय."

मास्तरांनी चष्मा काढला. "चार पानं वाचलीस आणि शहाणा झालास? या वहीवर मुलं साहेब झाली. त्यांना भागावं लागलं नाही, तुला भागायचंय! जे वहीत नाही ते पेपरात येत नाही. म्हण, नियम म्हण."

मी नियम म्हटला. "बस नको, उभ्यानं म्हण. पन्नास वेळा." मी पन्नास वेळा म्हटला. माझे तिघं सोबती समोर बसून हसू दाबत होते. त्यातला एक, खानापूरच्या एका खेड्यातला, खोलीवर आल्यावर म्हणाला, "कशाला मधी तोंड घालतूस रं? मास्तरापरीस तू शाना काय?"

मला आता असं वाटतं, की मास्तरांना ती अट खरोखर ठाऊक नव्हती. ते स्वतः कॉलेजात गेलेले नव्हते. त्यांनीही ती वही तरुणपणी दुसऱ्या कुणाच्या वहीवरून उतरून घेतली होती, एक ओळ न गाळता आणि एक ओळ न घालता. कधीतरी, कुणाच्या तरी हातून, भागायची ती ओळ गळाली असणार, आणि मग पुढच्या सगळ्यांनी ती गळालेली ओळ भक्तिभावानं गाळूनच उतरवली. ठाऊक नसणं हा गुन्हा नाही. पण पोरानं विचारल्यावर पाटी घेऊन दोन मिनिटं करून बघायला काय झालं होतं? पन्नास वेळा नियम म्हणायला लागलेला वेळ त्याहून जास्त होता.

परीक्षा बेळगावातच होती. आमचे चौघांचे फॉर्म मास्तरांनी एकत्र पाठवले होते, त्यामुळं नंबर ओळीनं आले आणि बाकंही ओळीनं. ते तिघं पुढं, मी त्यांच्या मागं. पेपर हातात पडला. तिसरा प्रश्न: दोन एक्स-वर्ग अधिक दोन वाय-वर्ग उणे बारा एक्स उणे सोळा वाय बरोबर शून्य. या वर्तुळाचं केंद्र आणि त्रिज्या काढा, आणि मग त्यावरून स्पर्शिका वगैरे पुढचे चार उपप्रश्न. सगळा प्रश्न त्या केंद्रावर उभा. केंद्र चुकलं की पुढचं सगळं चुकलं.

मला आनंदानं घाम फुटला. दोन! एक्स-वर्गाच्या मागं दोन! मी दोननं भागलं. उरलं उणे सहा एक्स आणि उणे आठ वाय. निम्मं केलं, चिन्ह फिरवलं. केंद्र तीन, चार. त्रिज्या पाच. मी ते शाईनं स्वच्छ लिहिलं, खाली दुहेरी रेघ मारली.

आणि मग माझा हात थांबला.

डोक्यात तो सूर सुरू झाला. एक्सचं निम्मं, वायचं निम्मं. बाराचं निम्मं सहा, सोळाचं निम्मं आठ. वहीप्रमाणं केंद्र सहा, आठ येत होतं. मी मनात म्हटलं, इतकी माणसं वहीवर साहेब झाली ती काय उगाच? मी बोरगावाकडचा कुणबी, पुस्तक एकदा अर्धा तास बघितलेला, आणि मी मास्तरांना खोटं ठरवणार? समज, पुस्तक मी नीट वाचलं नसेल तर? मी पडताळा घ्यायचं ठरवलं. केंद्र सहा, आठ धरलं तर त्रिज्या येते दहा. समीकरणात एक्स शून्य, वाय शून्य घातलं तर बरोबर शून्य येतं, म्हणजे वर्तुळ आरंभबिंदूतून जातं. सहा, आठपासून आरंभबिंदू किती लांब? बरोबर दहा! जुळलं. एवढं चोख जुळल्यावर मास्तर चुकीचे कसे असतील? पुढं पुष्कळ दिवसांनी माझ्या ध्यानात आलं, की दोन्ही वर्तुळं आरंभबिंदूतून जातात. तिथे पडताळा घेऊन काही सिद्ध होत नाही. सहा, शून्य हा बिंदू घेतला असता तरी क्षणात उघडं पडलं असतं. पण मी तो घेतला नाही. मला बरोबर काय ते शोधायचं नव्हतं, मास्तर बरोबर आहेत एवढं मला शोधायचं होतं, आणि ते मला सापडलं.

मी तीन, चार खोडलं. पाच खोडलं. वर सहा, आठ लिहिलं, दहा लिहिलं, आणि पुढचे चारही उपप्रश्न त्यावरून सोडवले.

महिन्याभरानं निकाल लागला. आम्हा चौघांचा नाही. आम्हाला इंग्रजीत टाइप केलेली एकेक चिठ्ठी आली: तिसऱ्या प्रश्नात नक्कल झाल्याचा संशय, निकाल राखून ठेवला आहे, अमुक दिवशी कॅम्पातल्या कचेरीत चौकशीला हजर राहावे. चौघांच्या पेपरात तिसऱ्या प्रश्नाचं एकच चुकीचं उत्तर होतं, आणि पायऱ्यासुद्धा त्याच. बरोबर उत्तर शंभर जणांचं सारखं येतं, त्याचं कुणाला काही वाटत नाही. चूक सारखी आली की चोर!

आम्ही मास्तरांकडे धावलो. मास्तरांनी चिठ्ठी वाचली, प्रश्नपत्रिका बघितली. मग आत गेले, वही घेऊन आले, आणि पाटीवर ते उदाहरण दोन्ही रीतींनी केलं. अखेर केलं! त्यांचा चेहरा पडला. "मी येतो चौकशीला," ते म्हणाले, "चूक वहीतली आहे. तुम्ही घाबरू नका." त्या क्षणी मी त्यांचं सगळं माफ केलं होतं. हे मी खरं सांगतो.

चौकशीला एक साहेब बाहेरगावाहून आले होते. आपल्याकडचेच, पण आमच्याशी इंग्रजीत बोलत आणि कारकुनाशी कानडीत. मास्तरांनी टोपी सारखी करून वही पुढं ठेवली आणि सरळ सांगितलं, की माझ्या वहीत एक ओळ नाही, माझ्या मुलांनी मी शिकवलं तसं केलं, म्हणून चूक सारखी आली. साहेबांनी वही चाळली. शेवटच्या पानावरची नावं बघितली. माझ्या तिघा सोबत्यांनी आपापल्या वह्या दाखवल्या, मी माझी पिवळी वही दाखवली. साहेब हुशार होते, त्यांना पटलं. त्यांनी तिघांचे कागद एका बाजूला सारले आणि म्हणाले, "यांचा निकाल लागेल." तिघांचे चेहरे उजळले. बाकीच्या प्रश्नांवर ते पास होत होते.

मग त्यांनी माझा पेपर उघडला आणि तिसऱ्या प्रश्नावर बोट ठेवलं. "हे काय?"

मी बघितलं. खोडलेलं तीन, चार. एकच रेघ मारली होती, खालचं सगळं स्वच्छ दिसत होतं.

"या तिघांना बरोबर रीत माहीतच नव्हती, म्हणून ते चुकले. ते मी मान्य करतो. तुला माहीत होती. तू बरोबर उत्तर काढलंस, आणि मग खोडून नेमकं तेच चुकीचं लिहिलंस जे पुढच्या तिघांनी लिहिलं होतं. तू पुढं बघितल्याशिवाय हे कसं झालं?"

मी सांगितलं. मोडक्या इंग्रजीत सांगितलं, मग मराठीत सांगितलं. मला रीत पुस्तकातून कळली होती, पण मास्तरांनी वेगळं शिकवलं होतं, म्हणून मी खोडलं. साहेब हसले. दुष्टपणानं नाही, खरोखर हसू आलं त्यांना. म्हणाले, "आलेलं बरोबर उत्तर कुणी मास्तरांसाठी खोडतं का?"

"साहेब, म्या ओसरीवर विचारलं हुतं मास्तरांना. आदी भागाय पायजे का म्हणून. समद्यांदेखत विचारलं हुतं."

साहेब मास्तरांकडे वळले. "यानं तुम्हाला परीक्षेआधी ही चूक दाखवली होती?"

मास्तरांनी नुसतं 'हो' म्हणायचं होतं. वहीत चूक आहे हे त्यांनी मान्य केलंच होतं. पण ती नकळत राहिलेली चूक होती, तिच्यात अब्रू जात नव्हती. पोरानं दाखवली, आणि मी त्याला उभं करून पन्नास वेळा चुकीचं म्हणायला लावलं, हे सांगण्यात जात होती. मास्तर वहीच्या पुठ्ठ्यावरून हात फिरवत राहिले. मग म्हणाले, "इतकी मुलं येतात... मला आठवत नाही."

साहेबांनी तिघांना विचारलं. ते तिघं, एका चुलीवर जेवलेले, हसू दाबून समोर बसलेले! खानापूरचा खाली बघून म्हणाला, "आमच्या ध्यानात न्हाय, सर." दुसऱ्या दोघांनी तेवढंही तोंड उघडलं नाही. त्यांचे कागद बाजूला सारलेले होते. मास्तरांना खोटं पाडून ते पुन्हा ओढून आणायची हिंमत त्यांच्यात नव्हती. मी त्यांना घाबरट म्हणतो, आणि तोंडावरही म्हटलेलं आहे.

साहेबांनी माझ्या पेपरावर लाल शाईनं एक ओळ लिहिली. फॉर्मच्या तळचं ते बारीक अक्षरांतलं कलम त्यांनी मला वाचून दाखवलं. मी तेव्हा ते पहिल्यांदा ऐकलं. पुन्हा त्या परीक्षेला मला बसता येणार नव्हतं. नापास झालो असतो तर बसता आलं असतं! काहीच येत नसतं तर बसता आलं असतं! चौघांत एकट्याला बरोबर येत होतं, आणि दार एकट्यालाच बंद झालं. हा कुठला न्याय? मी ओरडलो असेन, कारण शिपायानं माझा दंड धरून मला बाहेर आणलं.

बाहेर मास्तर पायरीवर उभे होते. मला म्हणाले, "तुझ्या नशिबात नव्हतं बघ." मी त्यांना काय बोललो ते लिहीत नाही. आयुष्यात मी वडीलधाऱ्या माणसाला तसं पुन्हा कधी बोललो नाही, आणि त्याचा मला पस्तावाही नाही. नशीब म्हणे! नशिबाला काळी टोपी नव्हती. पुढं काही वर्षांनी ते वारले तेव्हा बेळगावात सगळे म्हणाले, असा निरपेक्ष गुरू होणे नाही. मी निपाणीच्या वखारीत कारकून होतो. मला ते ऐकून जेवण गेलं नाही.

पण ते पुढचं. त्या दिवशी मी कोळशावर चालणारी मोटार धरली. पेट्रोल लढाईला गेलेलं, त्यामुळं मोटारी अशाच रखडत चालायच्या. प्रत्येक चढाला आम्हाला खाली उतरून ढकलावं लागलं. निपाणीला उतरून मी गावापर्यंत चालत आलो. वाटेभर मी मनात भाषणं करत होतो, साहेबापुढं, मास्तरांपुढं, त्या तिघांपुढं. आप्पांना सगळं सांगायचं, ते चिडतील, कदाचित मला घेऊन परत बेळगावला जातील, मास्तरांच्या दारात उभे राहतील. मला कुणीतरी माझ्याइतकं चिडायला हवं होतं.

आप्पा वावरात तंबाखूचे शेंडे खुडत होते. चिकानं त्यांचे हात कोपरापर्यंत काळे झाले होते. मी बांधावरच सुरुवात केली आणि काहीही न ठेवता सगळं सांगितलं. ते सरी सोडून आले, समोर उकिडवे बसले आणि ऐकत राहिले. मधे एकदाही बोलले नाहीत. मास्तर "आठवत नाही" म्हणाले तिथंही नाही, तिघं गप्प बसले तिथंही नाही. माझं सांगून झालं तेव्हा मला धाप लागली होती.

त्यांनी विचारलं, "म्हंजे तुला बरुबर आलतं?"

"व्हय."

"कागदावर लिवलं हुतंस?"

"व्हय आप्पा. शाईनं लिवलं हुतं. खाली रेघ मारली हुती."

"आन् मास्तर तितं हुतं का, तू लिवताना?"

"न्हाई. मास्तर कसं आसतील परीक्षेत?"

"मग साहेबानं सांगितलं खोडाय? का त्या पोरांनी?"

"कुनी न्हाई."

आप्पा माझ्याकडं बघत राहिले. त्यांना लिहायला येत नव्हतं, वर्तुळाचं केंद्र काय असतं हे त्यांना जन्मात कळलं नसतं. त्यांनी हात चिंधीला पुसले, पण चीक निघत नव्हता.

"मग रं," ते म्हणाले, "खोडलं कुनी?"